लाखोळीतलं ओडॅप: अमिनो आम्ल असूनही ते पोषण का देत नाही?

दिवाळीच्या तोंडावर बेसनाचा खप वाढला की भेसळीच्या बातम्या येऊ लागतात. त्यात एक वाक्य हमखास असतं: ‘लाखोळीच्या डाळीत ओडॅप नावाचे विषारी अमिनो आम्ल असते.’ इथेच वाचक अडखळतो. सीताबर्डीतल्या कुठल्याही औषधांच्या दुकानात प्रोटीन पावडरच्या डब्यावर ‘अमिनो आम्लांनी परिपूर्ण’ असं मोठ्या अक्षरांत छापलेलं असतं आणि लोक ते वाचूनच डबा घेतात. डब्यावर तो शब्द ताकदीचा आणि बातमीत तोच विषाचा, हे कसं?

दोन्ही वाक्यं बरोबर आहेत. घोळ शब्दाच्या अर्थात आहे, आणि तो विदर्भात सोडवायलाच हवा. भंडारा-गोंदियाच्या धानाच्या बांध्यांत लाखोळी आजही उगवते, नागपूरच्या बाजारात येते आणि आपल्या वड्यांत, भाजीत, कधी नकळत बेसनात उतरते. कुणी तिला लाख म्हणतं, कुणी लाखोरी. हिंदी मुलखात ती खेसारी, छत्तीसगडात तिवडा. वनस्पती एकच, शास्त्रीय नाव लॅथिरस सॅटिव्हस.

‘अमिनो आम्ल’ हे आकाराचं नाव आहे

रेल्वेचा डबा डोळ्यांपुढे आणा. आत काहीही असो, कोळसा, संत्री की माणसं, दोन्ही टोकांना जोडण्याची आकडी असली की तो गाडीला लागू शकतो. अमिनो आम्लाचं तसंच. रेणूत एका बाजूला अमिनो गट (नायट्रोजन आणि हायड्रोजनची जोडणी) आणि दुसऱ्या बाजूला आम्ल गट (कार्बन, ऑक्सिजन आणि हायड्रोजनची जोडणी) असला, की रसायनशास्त्र त्याला अमिनो आम्ल म्हणतं. मधल्या भागात काय आहे, ते शरीराला उपयोगी की घातक, याबद्दल हे नाव काहीही सांगत नाही.

आपल्या प्रथिनांची गाडी मुख्यतः २० प्रकारच्या डब्यांची असते. त्यांतले ९ माणसाचं शरीर स्वतः बनवू शकत नाही, म्हणून ते जेवणातून यावे लागतात. त्यांना ‘अत्यावश्यक’ म्हणतात. प्रोटीनच्या डब्यावरचा शब्द या २० जणांबद्दल बोलत असतो. निसर्गात मात्र अमिनो आम्लं शेकड्यांनी आहेत. त्या सगळ्यांना आकड्या आहेत, पण बहुतेकांना प्रथिनाच्या गाडीत जागा नाही, कारण पेशीतली जोडणीची यंत्रणा त्यांना ओळखत नाही. यांना बिनप्रथिनी अमिनो आम्लं म्हणू या. ओडॅप त्यांतलंच एक.

अशी अमिनो आम्लं आपल्या आजूबाजूला भरपूर आहेत. बांधावरच्या सुबाभळीच्या पाल्यात मिमोसिन असतं. घोड्याला किंवा डुकराला तो पाला सतत घातला तर केस झडतात, म्हणून जाणकार पशुपालक सुबाभूळ एकूण चाऱ्याच्या ठरावीक हिश्शापुरतीच ठेवतात. खाजकुइलीच्या बियांत एल-डोपा असतं आणि तेच पार्किन्सनच्या रुग्णांना औषध म्हणून दिलं जातं. चहाच्या पानात थिआनिन असतं. टरबुजाच्या लॅटिन नावावरून ज्याला नाव मिळालं ते सिट्रुलिन आपल्या यकृतातही रोज तयार होतं. चौघांचं रासायनिक कुळ एक आणि गुण चार तऱ्हांचे.

खुद्द लाखोळीतही ओडॅपचा एक भाऊबंद आहे, होमोआर्जिनिन. तोही बिनप्रथिनी. त्याच्यापासून शरीर नायट्रिक ऑक्साइड बनवू शकतं आणि तो रक्तवाहिन्यांना हितकारक असावा म्हणून त्याच्यावर संशोधन सुरू आहे. म्हणजे एकाच दाण्यात एक अमिनो आम्ल अपायाचं आणि दुसरं बहुधा उपकाराचं. ‘विषारी अमिनो आम्ल’ या शब्दांत विषारीपण पहिल्या शब्दाचं आहे, दुसऱ्याचं नाही.

हे लांबलचक नाव वाचायचं कसं?

पूर्ण नाव आहे बीटा-एन-ऑक्झॅलिल-एल-अल्फा,बीटा-डायअमिनोप्रोपिऑनिक आम्ल. पाहताक्षणी धडकी भरते, पण पाकिटावरचा पत्ता पोस्टमन खालून वर वाचतो तसं हे नाव शेवटाकडून वाचलं की सोपं जातं.

शेवटी आहे प्रोपिऑनिक आम्ल: तीन कार्बनची छोटी साखळी, टोकाला आम्ल गट. हे झालं गाव. त्याआधी ‘डायअमिनो’, म्हणजे या साखळीवर अमिनो गट एक नाही, दोन. ते कुठे बसलेत? ‘अल्फा, बीटा’ हे घर क्रमांक आहेत. आम्ल गटाला लागून असलेला कार्बन अल्फा, त्याच्या पलीकडचा बीटा. ‘एल’ हे रेणूच्या डाव्या-उजव्या ठेवणीचं चिन्ह. आपल्या प्रथिनांतली अमिनो आम्लंही एल ठेवणीचीच असतात. आणि सुरुवातीचं ‘बीटा-एन-ऑक्झॅलिल’ सांगतं की बीटा कार्बनवरच्या नायट्रोजनला ऑक्झॅलिक आम्लाचा तुकडा चिकटला आहे. ‘एन’ ही नायट्रोजनची खूण.

हा रेणू १९६४ मध्ये बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत एस. एल. एन. राव, पी. आर. आडिगा आणि पी. एस. शर्मा यांनी लाखोळीच्या बियांतून वेगळा करून त्याची रचना मांडली. आपल्या शेतातल्या डाळीचं कोडं आपल्याच देशातल्या प्रयोगशाळेत सुटलं, ही गोष्ट पाठ्यपुस्तकात यायला हवी असं मला मनापासून वाटतं.

शोधाशोध करताना आणखी दोन नावं आडवी येतील. जुन्या लेखांत याच रेणूला ‘बोआ’ म्हटलेलं असतं. ‘बीटा-एन-ऑक्झॅलिल-अमिनो-अॅलॅनिन’चं ते लघुरूप. चिनी औषधी वनस्पतींच्या लेखांत ‘डेन्सिचिन’ असं नाव दिसेल. तिथे जिनसेंगच्या कुळातल्या एका मुळातून हाच रेणू मिळतो आणि रक्तस्राव थांबवणारा म्हणून त्याची ओळख आहे. तिन्ही नावं एकाच रेणूची आहेत.

मग अळूत आणि पालकातही ऑक्झॅलेट असतं, तेही तसंच का? नाही. अळूतलं ऑक्झॅलेट मोकळं किंवा कॅल्शियमशी बांधलेलं असतं. ते घशाला खाजवतं आणि मुतखड्याचा त्रास असलेल्यांना जपावं लागतं, पण मज्जापेशींना ते फसवत नाही. ओडॅपमध्ये ऑक्झॅलिक तुकडा अमिनो आम्लाला कायमचा जोडलेला असतो, आणि त्या जोडणीमुळेच रेणूला फसवा आकार येतो.

मज्जापेशी फसते ती कशी?

आपल्या मेंदूत आणि मज्जारज्जूत एका पेशीने दुसरीला ‘उठ, काम कर’ असं सांगायचं असतं तेव्हा बहुतेक वेळा ग्लुटामेट नावाचं अमिनो आम्ल सोडलं जातं. हे प्रथिनांच्या २० जणांतलंच आहे आणि निरोप्याचंही काम करतं.

एसटीची घंटी आठवा. कंडक्टरने दोरी ओढून दोनदा टिणटिण केलं की ड्रायव्हर गाडी हाकतो. तो मागे वळून दोरी कुणी ओढली हे पाहत नाही, त्याला आवाज पुरतो. मज्जापेशीवर अशाच घंट्या असतात. एका प्रकाराला शास्त्रज्ञ ‘अॅम्पा ग्राहक’ म्हणतात. ग्लुटामेट येतं, घंटी वाजवतं, पेशीचं दार क्षणभर उघडतं, आणि आजूबाजूच्या पेशी लगेच ग्लुटामेट गोळा करून घेतात.

आता दोघांची ठेवण शेजारी ठेवून पाहा. ग्लुटामेटमध्ये पाच कार्बन, दोन टोकांना दोन आम्ल गट आणि एका टोकाजवळ अमिनो गट. ओडॅपमध्येही कार्बन पाचच, दोन टोकांना दोन आम्ल गट आणि एका टोकाजवळ मोकळा अमिनो गट. फरक एवढाच की साखळीच्या मध्ये एक नायट्रोजन घुसला आहे आणि त्याला लागून एक ऑक्सिजन लटकतो. घंटीच्या दोरीला हा फरक कळत नाही. ओडॅप ती ओढतं आणि पेशीचं दार उघडतं. हे वारंवार झालं तर पेशीत कॅल्शियम गरजेपेक्षा जास्त शिरतं, ऊर्जा बनवणाऱ्या यंत्रणेवर ताण येतो आणि पेशी थकून मरते. अति-उत्तेजनाने पेशी मरण्याची ही तऱ्हा इतर काही मेंदूविकारांतही दिसते.

सर्वांत जास्त फटका बसतो तो मेंदूकडून पायांकडे आज्ञा नेणाऱ्या लांब पेशींना.

लॅथिरिझम: पाय ताठ, बाकी सगळं शाबूत

या आजाराचं नाव लॅथिरिझम. पोटऱ्यांत पेटके येतात, पाय जड होतात, मग गुडघ्यातून ताठ होऊन एकमेकांवर कात्रीसारखे येऊ लागतात. माणूस चवड्यांवर चालतो. संवेदना शाबूत, स्मरण शाबूत, हातही बहुधा शाबूत. डॉक्टर त्याच्या पायऱ्या अगदी साध्या शब्दांत मोजतात: काठीविना चालणारा, एका काठीचा, दोन काठ्यांचा आणि सरपटणारा. आजार एका टप्प्यावर येऊन थांबतो, पण मेलेल्या मज्जापेशी परत येत नाहीत, म्हणून पाय पूर्ववत होत नाहीत. जेवण बदललं की तो पुढे वाढण्याचं बहुधा थांबतं. ताठरपणा सैल करणाऱ्या औषधांनी आणि व्यायामाने चालणं थोडं सुसह्य होतं, एवढंच.

जुन्या मध्य प्रांतात याच्या नोंदी आहेत. सागर परिसरात १८२९ मध्ये गारपिटीने रब्बी बुडाली, १८३० मध्ये पाऊस कमी पडला, १८३१ मध्ये गव्हावर तांबेरा आला. तिन्ही वर्षं लाखोळी तेवढी तगली आणि लोक तिच्यावरच जगले. पुढे १८३३ पासून तिशीच्या आतली माणसं कमरेखालून लुळी पडू लागली, असं त्या भागातल्या इंग्रज अधिकाऱ्याने लिहून ठेवलं आहे. दुसऱ्या महायुद्धात १९४२-४३ च्या सुमाराला युक्रेनमधल्या वाप्नियार्का छावणीत ज्यू कैद्यांना हीच डाळ रोज खायला दिली गेली आणि काही महिन्यांतच शेकडो कैद्यांचे पाय गेले. आर्थर केसलर नावाच्या कैदी डॉक्टरने कारण ओळखलं. विसाव्या शतकात रीवा भागात वेठबिगार मजुरांना मजुरी म्हणून खेसारी मिळायची आणि तिथेही हेच घडलं.

या तिन्ही ठिकाणी डाळ ताटातली एक वाटी नव्हती, तीच ताट होती. साधारण जेवणातल्या उष्मांकांचा एक तृतीयांश किंवा त्याहून जास्त वाटा महिनोन्महिने लाखोळीचा असतो तेव्हा हा आजार दिसतो. दोन-तीन महिन्यांचा सलग काळ हा नेहमी आढळणारा किमान अवधी.

आकड्यांत पाहू. एखाद्या देशी वाणात ओडॅप ०.३ टक्के आहे असं धरा. १०० ग्रॅम डाळीत ते ३०० मिलिग्रॅम झालं. सणाला वडे केले आणि तुमच्या वाट्याला ४० ग्रॅम डाळीचे आले, तर १२० मिलिग्रॅम, तेही डाळ न भिजवता दळली असं समजून. दुष्काळात ४०० ग्रॅम लाखोळीवर दिवस काढणाऱ्याच्या पोटात रोज १२०० मिलिग्रॅम जातं, आणि ९० दिवसांत १०८ ग्रॅम. एकाच डाळीच्या या दोन गोष्टींमध्ये एवढं अंतर आहे.

‘आमचे आजे-पणजे खात आले, कुणाला काही झालं नाही’

हे विदर्भात घरोघरी ऐकू येतं आणि यात तथ्य आहे. झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भाच्या धानपट्ट्यात, लाखोळी भाताबरोबर, आंबट घालून, कांद्या-लसणाच्या फोडणीत खाल्ली जाते. तिच्यात मेथिओनिन आणि सिस्टिन ही गंधकयुक्त अमिनो आम्लं कमी असतात, आणि तांदूळ-ज्वारी ती उणीव काही अंशी भरून काढतात. गंधकयुक्त अमिनो आम्लांचा तुटवडा असेल तर मज्जापेशींची ताण सोसण्याची ताकद घटते. इथिओपियात झालेल्या अभ्यासांतही धान्यासोबत आणि कांदा, आलं, लसूण यांच्यासह खाणाऱ्यांत आजाराचा धोका कमी दिसला आहे. आपल्या आज्यांनी असा स्वयंपाक केला तो चवीसाठी, पण त्यात संरक्षणही आलं.

एका घरातले सगळे एकाच वेळी आजारी का पडत नाहीत, हाही नेहमीचा प्रश्न. तरुण पुरुषांत हा आजार स्त्रियांपेक्षा जास्त आढळतो. अंगमेहनत, उपासमार, थंडी-पावसात भिजणं, जुलाब यांनी तो अचानक उफाळतो. शिवाय निरोगी माणसाच्या मेंदूत ओडॅप सहज शिरत नाही आणि शरीर त्याचा बराच भाग मोडून टाकतं. म्हणून चांगलं-चुंगलं खाणाऱ्या घरात लाखोळी पचून जाते, आणि तीच डाळ उपाशी घरात पाय नेते.

‘कुणाला काही झालं नाही’ हे वाक्य तेवढ्याच घरांबद्दल खरं आहे, जिथे डाळीबरोबर भात होता.

शिजवल्याने जातं का?

जातं, पण पाणी फेकलं तरच. ही गोष्ट नीट समजून घ्या, कारण चूक इथेच होते.

ओडॅप पाण्यात सहज विरघळतं. तेलात उतरत नाही, म्हणून तळल्याने ते बाहेर पडत नाही. उष्णतेने त्याचा काही भाग अल्फा-ओडॅप या जुळ्या रूपात बदलतो, ज्यात ऑक्झॅलिक तुकडा बीटाऐवजी अल्फा कार्बनवरच्या नायट्रोजनवर असतो. हे जुळं रूप बरंच कमी विषारी आहे, पण बदल अर्धवटच होतो. भरवसा ठेवायचा तो पाण्यावर.

रीत अशी. एक वाटी लाखोळीची डाळ निवडून धुवा. त्यावर चार-पाच वाट्या उकळतं पाणी ओता आणि झाकून तीन-चार तास ठेवा. ते पाणी ओतून टाका, डाळ दोनदा धुवा. मग पुन्हा भरपूर पाण्यात, भाताचं पेज काढतात तशी, उकळा आणि तेही पाणी गाळून टाका. आता नेहमीसारखी शिजवा. दोन वेळा पाणी टाकलं की ओडॅपचा मोठा भाग निघून जातो. सोबत काही बी जीवनसत्त्वंही जातात, हे खरं, पण ती भाजी-भाकरीतून मिळतात.

डाळ फोडलेली असेल तर पाणी आत लवकर शिरतं, अख्ख्या दाण्यात टरफल आडवं येतं. ‘टरफल काढलं की विष गेलं’ हा समज मात्र चुकीचा आहे. ओडॅप आतल्या दळांत आणि कोंबाच्या टोकात असतं.

आता चुका. प्रेशर कुकरमध्ये मोजून पाणी घालून वरण केलं, तर सगळं पाणी वरणातच राहतं आणि सगळं ओडॅपही. वड्यांसाठी डाळ रात्रभर भिजवून निथळून वाटली तर काही भाग जातो, पण भिजवलेलं पाणीच वाटताना घातलं तर भिजवण्याचा फायदा संपला. सगळ्यात वाईट म्हणजे कोरडी डाळ गिरणीतून दळून केलेलं पीठ: झुणका, भजी, पाटवडी, काहीही करा, त्यात पाणी फेकण्याची पायरीच नाही. म्हणूनच बेसनातली भेसळ चिंतेची ठरते. लाखोळी आहे हे ठाऊक असलेलं घर पाणी फेकतं. बेसन समजून वापरणाऱ्याला ती संधीच मिळत नाही.

कोवळ्या पानांची भाजीही विदर्भात आवडीने खाल्ली जाते. कोवळ्या कोंबांत आणि पानांतही ओडॅप असतं. ती भाजी उकळून, पाणी पिळून मग फोडणीला टाका.

‘अहवालात प्रथिनं जास्त आली, म्हणजे डाळ उत्तम’

प्रथिन मोजण्याची सर्वांत रूढ पद्धत योहान केल्डाल या डॅनिश रसायनशास्त्रज्ञाने १८८३ मध्ये मांडली. तिच्यात प्रथिन थेट मोजलं जात नाही. नमुना तीव्र आम्लात उकळून त्यातला नायट्रोजन मोजतात आणि त्याला ६.२५ ने गुणतात, कारण प्रथिनात साधारण १६ टक्के नायट्रोजन असतो. नायट्रोजन कुठून आला हे पद्धत विचारत नाही. २००८ मध्ये चीनमध्ये दुधात मेलामाइन मिसळण्याचा प्रकार उघडकीस आला, तो याच फटीतून घुसला होता.

ओडॅपमध्ये दोन नायट्रोजन आहेत. रेणूचा भार १७६, दोन नायट्रोजनचा २८, म्हणजे सुमारे १५.९ टक्के. त्याला ६.२५ ने गुणा: जवळपास १००. योगायोग असा की केल्डालच्या चाचणीत एक ग्रॅम ओडॅप जवळपास एक ग्रॅम ‘प्रथिन’ म्हणून नोंदला जातो. मात्रा थोडी असल्याने एकूण आकड्यात फार फरक पडत नाही. लाखोळीत प्रथिनं २५ ते ३० टक्क्यांच्या घरात असतात आणि ती खरोखरीची प्रथिनं आहेत, लायसिन भरपूर असलेली. पण ‘एकूण प्रथिन’ हा आकडा डाळ निर्धोक असल्याचा पुरावा नाही. त्यासाठी ओडॅप वेगळं मोजावं लागतं.

बेसनात लाखोळी आहे का, हे ओळखायचं कसं?

डाळ असेल तर डोळ्यांनी. लाखोळीचा दाणा गोल नसतो, कुऱ्हाडीच्या पात्यासारखा एका बाजूने तिरका उतरलेला असतो. टरफल करडं-तपकिरी, ठिपक्यांचं. डाळ फोडल्यावर पिवळी दिसते आणि घाईत तुरीत किंवा हरभऱ्यात मिसळून जाते. मूठभर डाळ पांढऱ्या ताटात पसरा. तुरीची दळं गोलसर, तर लाखोळीची चौकोनी, चपटी, एक कड तिरकी. दहा-वीस दळं वेगळी काढली की नजर बसते.

पीठ झाल्यावर डोळे काम देत नाहीत. जुनी चाचणी अशी: थोड्या पिठात सौम्य हायड्रोक्लोरिक आम्ल घालून पंधरा मिनिटं गरम पाण्यावर ठेवायचं, लाखोळी असेल तर गुलाबी छटा येते. पण मेटॅनिल यलो हा पिवळा बंदी असलेला रंगही याच आम्लाने गुलाबी होतो, आणि तो गरम न करताच, लगेच. म्हणून नुसता रंग दिसला तर भेसळ आहे एवढं कळतं, नक्की कशाची ते नाही. आम्ल स्वयंपाकघरात वापरण्याची वस्तूही नाही, ही चाचणी प्रयोगशाळेतच करावी. तिथे ओडॅप नेमकं मोजण्याची साधी रीत म्हणजे अल्कलीने ऑक्झॅलिक तुकडा तोडायचा, उरलेल्या डायअमिनोप्रोपिऑनिक आम्लाला ऑर्थो-थॅलाल्डिहाइडने रंग आणायचा आणि त्या रंगाची गडदता यंत्राने मोजायची. ही पद्धतही एस. एल. एन. राव यांनीच १९७८ मध्ये मांडली.

अहवाल हातात आला तर ‘बीटा-ओडॅप’ ही ओळ शोधा. नुसतं ‘एकूण ओडॅप’ लिहिलं असेल तर त्यात कमी विषारी अल्फा रूपही मोजलेलं असतं. एकक टक्क्यांत असेल तर १००० ने गुणून १०० ग्रॅममधले मिलिग्रॅम मिळतात: ०.१ टक्के म्हणजे १०० मिलिग्रॅम.

बंदी आहे की उठली?

दोन्ही उत्तरं कानावर येतात कारण नियमच राज्यागणिक लागू होणारा आहे. १९६१ मध्ये केंद्राने खेसारीच्या विक्रीवर बंदीचा नियम केला, पण तो ज्या राज्यात अमलात आणला गेला तिथेच चालायचा. काही राज्यांनी तो कधी लागू केलाच नाही. महाराष्ट्रात बंदी होती. नागपूरचे शांतिलाल कोठारी यांनी तिच्याविरुद्ध दीर्घकाळ लढा दिला, आणि पुढे राज्याने आपल्या हद्दीतली बंदी मागे घेतली. केंद्राच्या २०११ च्या अन्नसुरक्षा नियमावलीत मात्र खेसारी, तिची डाळ, पीठ आणि हरभऱ्याबरोबरचं मिश्रण यांवरच्या निर्बंधांचा नियम आहे. लाखोळी म्हणून उघड विकणं आणि बेसन म्हणून फसवून विकणं या वेगळ्या गोष्टी आहेत. दुसरी कोणत्याही राज्यात गुन्हाच आहे.

बंदीच्या बाजूने आणि विरुद्ध बोलणारे दोघेही एका मुद्द्यावर गप्प असतात, असं मला वाटतं. लाखोळी स्वस्त आहे म्हणून ती गरिबाच्या ताटात जास्त येते, आणि जास्त येते म्हणूनच धोका त्यालाच. बंदीने डाळ बाजारातून जाते पण ताट तसंच रिकामं राहतं. बंदी उठली की डाळ येते, पण पाणी फेकायला कुणी सांगत नाही. रेशनवर तूर आणि हरभरा परवडणाऱ्या भावात नियमित मिळाले, तर दोन्ही वाद बरेच शमतील.

मग लाखोळी पेरायची की नाही?

झाडीपट्टीतला शेतकरी ती सोडणार नाही आणि त्याचं कारण रास्त आहे. धान कापणीच्या दोनएक आठवडे आधी, उभ्या पिकातच बांधीत लाखोळी फोकली (हाताने फेकून पेरली) जाते; छत्तीसगडात याला उतेरा म्हणतात. नांगरट नाही, पाणी नाही, खत नाही, उरलेल्या ओलीवर पीक येतं. पाणी साचलं तरी तगतं, पाऊस गेला तरी तगतं, आणि मुळांच्या गाठींतून जमिनीला नत्र देतं. तिचं कुटार (मळणीनंतरचा भुसा) जनावरांना चालतं, कारण रवंथ करणाऱ्यांच्या पोटातले जीवाणू ओडॅप बरंच मोडतात. घोड्याला मात्र लाखोळी घालू नये, त्याचे पाय माणसासारखेच जातात.

उपाय बियाण्यात आहे. रतन, प्रतीक आणि महातिवडा हे कमी ओडॅपचे वाण उपलब्ध आहेत, त्यांतले शेवटचे दोन रायपूरच्या इंदिरा गांधी कृषी विद्यापीठाचे. जानेवारी २०१६ मध्ये बंदी शिथिल करण्याची चर्चा निघाली तेव्हा याच तिघांची नावं वर्तमानपत्रांत होती. त्यांत ओडॅप ०.१ टक्क्याच्या आसपास किंवा खाली असतं, म्हणजे वर मोजलेल्या वड्यांच्या वाट्यात १२० ऐवजी जेमतेम ४० मिलिग्रॅम.

फक्त दोन गोष्टी सांभाळाव्या लागतात. लाखोळी स्वतःच्या परागाने फळते, पण मधमाश्या शेजारच्या बांधीतून देशी वाणाचा पराग आणतात. घरचंच बियाणं वर्षानुवर्षं राखलं तर ओडॅप हळूहळू वर चढतं, म्हणून दर तीन-चार हंगामांनी प्रमाणित बियाणं नव्याने आणावं, आणि बियाण्यासाठीचा तुकडा देशी लाखोळीपासून लांब, शक्यतो बांध्यांच्या मधोमध ठेवावा. दुसरं म्हणजे जमीन. जस्ताची कमतरता आणि कोरडा ताण यांमुळे तेच वाण जास्त ओडॅप साठवतं. धानाच्या भारी, पाणी साचणाऱ्या जमिनीत जस्त कमी पडणं नेहमीचं आहे. माती तपासून घ्यावी, आणि जस्त कमी निघालं तर धानाच्या चिखलणीतच झिंक सल्फेट द्यावं. ते धानालाही लागतं, आणि मागून येणाऱ्या लाखोळीलाही मिळतं.